जिथं बेकरी होती तिथून दोन चौक तलावाकडे

निकाराग्वाच्या राजधानीत, मनाग्वात, रस्त्यांना नावं असली तरी ती कुणी घेत नाही. पत्ता सांगायचा तो असा: जिथं बेकरी होती तिथून दोन चौक तलावाकडे, एक चौक वर. तलाव म्हणजे शोलोत्लान, तो शहराच्या उत्तरेला. सूर्य उगवतो ती बाजू 'वर', मावळतो ती 'खाली'. सगळी गोम त्या 'होती'मध्ये. २३ डिसेंबर १९७२ च्या भूकंपात शहराचा मधला भाग भुईसपाट झाला, बाहेरून आलेल्या मदतीचा पैसा देशावर हुकूमशाही गाजवणाऱ्या सोमोसा घराण्याने खाल्ला, मधल्या मोकळ्या जागेत गवत वाढलं, पण लोकांनी पत्ते काही बदलले नाहीत. नवख्याने आधी नसलेली वस्तू शोधायची, मग घर.

मी राहायचे ते घर रिगेरो नावाच्या वस्तीत. घरमालकिणीला सगळे 'दोन्या' म्हणायचे, आपल्याकडच्या 'बाई'सारखं. मी वर्ध्याकडची. पहिल्या आठवड्यातच तिला माय म्हणायला लागले, आणि तिनेही अर्थ न विचारता हाकेला ओ दिली.

त्या घरापर्यंत मी पोचले कॉफीमुळे. १९८५ साली अमेरिकेत मृदाशास्त्र शिकत होते. विद्यापीठाजवळच्या चर्चच्या तळघरात दर गुरुवारी मध्य अमेरिकेवर बैठक व्हायची. पहिल्यांदा गेले ती तिथं फुकट सूप मिळतं म्हणून, हे आता कबूल करायला हरकत नाही. पण घरी सेवा दलाचं वातावरण, वडील श्रमदानाच्या शिबिरांत वाढलेले. एका चिमुकल्या देशाने १९७९ च्या जुलैत चाळीस वर्षांची घराणेशाही उलथवली, दुसऱ्याच वर्षी हजारो शाळकरी पोरं कंदील आणि अंकलिपी घेऊन पाच महिने खेड्यांत राहिली, निरक्षरता निम्म्या लोकसंख्येवरून १३ टक्क्यांच्या आसपास आणली, हे ऐकून अंगावर काटा आला. त्याच देशाविरुद्ध अमेरिका कोंत्रांना, म्हणजे नव्या सरकारशी लढणाऱ्या बंडखोरांना, पैसा आणि शस्त्रं पुरवत होती, १९८४ मध्ये त्याच्या बंदरांत सुरुंग पेरले होते, आणि मे १९८५ पासून व्यापारही बंद केला होता. डॉलर मिळवायचा तर कॉफी विकायची. ती तोडायला माणूस नाही, कारण तोडणारा एक तर सैन्यात, नाही तर कोंत्रांत, नाही तर डोंगर सोडून पळालेला. म्हणून मनाग्वातले विद्यार्थी, कारकून, शिक्षक तोडणीला जायचे, आणि बाहेरून आमच्यासारखे.

डिसेंबरात मेक्सिकोमार्गे गेलो, कारण व्यापारबंदीनंतर निकाराग्वाच्या विमानांना अमेरिकेत उतरायची बंदी होती. विमानतळावर ६० डॉलर सरकारी भावाने बदलावे लागले. दुसऱ्या दिवशी ट्रक मातागाल्पाच्या डोंगरात. आदल्याच वर्षी टेल्पानेकाजवळ कॉफी तोडायला निघालेल्या टेलिफोन खात्याच्या कर्मचाऱ्यांचा ट्रक कोंत्रांनी दबा धरून उडवला होता. त्यामुळे आमच्या ट्रकमध्ये पुढे दोघं, मागे दोघं, मांडीवर बंदुका. त्यांतल्या एकाला मिसरूडही फुटलेली नव्हती.

माझा समज असा, की मी कापसाच्या मुलखातली, मला वेचणी शिकवायची काय गरज? आमच्याकडे वेचायला बायाच जातात, मी आजीबरोबर ओटी बांधून कितीदा गेलेली. कॉफीलाही कमरेला टोपली बांधतात, कानास्तो म्हणतात तिला. पण कापसाच्या तासात माणूस सरळ चालतो. इथं डोंगराचा उतार, पायाखाली लाल चिखल, वर केळीची सावली, आणि फांदी वाकवून एका हाताने धरायची, दुसऱ्या हाताने फक्त लालभडक फळ पिळ देऊन काढायचं. ओढायचं नाही. मी पहिल्या तासाभरात ओढून ओढून अर्धी टोपली भरली आणि खुशीत शेजारच्या म्हातारीला दाखवली. तिने टोपलीत हात घातला, देठासकट आलेलं एक फळ काढलं, माझ्या डोळ्यांपुढे धरलं. "हे देठ म्हणजे पुढच्या वर्षीची कॉफी," ती म्हणाली. "तू पुढच्या वर्षी येणार नाहीस. मी इथंच असेन." मग हिरवी फळं एकेक करून वेचून माझ्या तळहातावर ठेवली, चोरी पकडल्यासारखी.

माप 'लाता'चं. लाता म्हणजे डबा, आपल्या रॉकेलच्या डब्याएवढा. संध्याकाळी डबे मोजणाऱ्यासमोर रांग लागायची. पहिल्या दिवशी माझा एक डबा भरला नाही. महिनाअखेरीला अडीचपर्यंत गेले आणि घरी पत्र लिहून कळवलं. म्हातारी रोज सहा-सात डबे ओतून, वर जळणाची मोळी घेऊन घरी जायची. आम्हा परदेशी लोकांच्या खाण्यावर जेवढा खर्च व्हायचा, तेवढ्याची कॉफी आम्ही तोडत होतो का, याचा हिशेब मी एकदा मांडायला घेतला होता. अर्ध्यावर सोडून दिला.

पहाटे चारला उठायचं. मक्याची जाड तोर्तिया, राजम्याचं कालवण, मीठ. दुपारी तेच, रात्री तेच. फळीच्या खाटा, ओले कपडे, उवा. रात्री पहाऱ्याची पाळी. आमच्या हाती बंदूक देत नसत, नुसतं कुणाशी तरी गप्पा मारत जागं राहायचं. त्या गप्पांतच मला पहिली ठेच लागली. मळा पूर्वी एका जमीनदाराचा, तो मायामीला पळाला, आता मळा सरकारचा. मी मोठ्या उत्साहाने विचारलं, मग तुमचा झाला ना? राखणीला बसलेला माणूस म्हणाला, "पूर्वी मालकाचा मुकादम होता, आता सरकारचा आहे. हा शिव्या देत नाही, एवढं खरं." त्याला हवी होती स्वतःच्या नावावर थोडी जमीन. त्याच्या भावाची थोडी कॉफी होती. ती सरकारशिवाय कुणाला विकता येत नव्हती, भाव सरकारचा, पैसे हातात पडेपर्यंत त्यांची किंमत उतरलेली.

बाप्पा! मला एकदम आमच्याकडची कापूस एकाधिकार खरेदी आठवली. केंद्रावर तीन-तीन दिवस उभ्या बैलगाड्या, प्रतवारीवरून होणारी भांडणं, चुकाऱ्याची वाट बघणारे माझे काका. योजना शेतकऱ्याच्या भल्याची म्हणून आलेली, आणि काका तिला काय म्हणायचे ते इथं लिहिण्यासारखं नाही. मी अंधारात त्या माणसाला वर्ध्याच्या कापसाची गोष्ट सांगितली. तो इतका हसला, की दुसऱ्या टोकाच्या पहारेकऱ्याने शीळ घातली.

त्याचा भाऊ कुठं असतो, हे मी विचारलं नाही. पुढे कुणाकडून तरी कळलं, की तो होंडुरासच्या बाजूला गेलाय. होंडुरासच्या बाजूला म्हणजे कोंत्रांत. आमच्या चर्चच्या तळघरात कोंत्रा म्हणजे सोमोसाच्या लष्कराचे, गार्डचे, उरलेसुरले शिपाई आणि भाडोत्री. वरचे कमांडर बरेचसे तसे होतेही, आणि त्यांनी दवाखाने, शाळा, माणसं ज्या रीतीने संपवली त्याला माफी नाही. पण खालच्या फळीत अशी कॉफीवाली, राजमावाली माणसं भरलेली होती, हे मला कळायला तो पहारा लागला. सरकारलाही ते उशिरा कळलं असावं. सुरुवातीला सरकारी मळे आणि सहकारी शेतीवरच भर होता, १९८६ नंतर एकेकट्या शेतकऱ्याला जमिनीचे कागद देणं वाढवलं.

पदवी झाल्यावर, १९८७ च्या ऑगस्टात मी परत गेले. त्याच एप्रिलमध्ये बेन्जामिन लिंडर हा अमेरिकन इंजिनिअर डोंगरातल्या खेड्यासाठी छोटा वीजप्रकल्प उभारताना कोंत्रांच्या हल्ल्यात मारला गेला होता. लसीकरणाच्या दिवशी विदूषकाचे कपडे घालून एकचाकी सायकल चालवायचा म्हणे, पोरं गोळा व्हावीत म्हणून. मी त्याला ओळखत नव्हते, पण बातमी वाचून घरी बसवेना. मनाग्वातल्या एका माती तपासणीच्या प्रयोगशाळेत काम मिळालं आणि रिगेरोत मायकडे खोली.

वस्तीत माझं नाव 'ला इंदू'. भारतातला कुणीही तिथं इंदूच, मग तो मुसलमान असो की ख्रिश्चन. माझा भाव वधारण्याचं एक कारण मात्र वेगळं. १९८६ च्या जूनमध्ये हेगच्या आंतरराष्ट्रीय न्यायालयाने अमेरिकेने निकाराग्वाविरुद्ध कायदा मोडल्याचा निकाल दिला, तेव्हा न्यायालयाचे अध्यक्ष होते आपले नगेंद्र सिंह. वस्तीच्या समितीचा म्हातारा प्रमुख मला भेटला की विचारायचा, "तुझ्या काकांचं कसं काय?" राजस्थान आणि वर्धा यांतलं अंतर मी दोनदा समजावलं, मग काकांची खुशाली सांगायला लागले.

रोजचं जगणं म्हणजे रांग. रेशनकार्डावर तांदूळ, राजमा, साखर, तेल, साबण. साबण असला तर तेल नाही. आठवड्यातून दोन दिवस नळ बंद, त्यामुळे घरात जिथं तिथं पिंप. माय पहाटे तीनला उठून मका दळून आणायची आणि दारात तोर्तिया विकायची. भिंतीवर येशूचं पवित्र हृदय, शेजारी सांदिनोचं टोपीवालं चित्र; हा जुना बंडखोर, सत्तेवरच्या सांदिनिस्तांनी नाव घेतलं ते त्याचंच. दोन पोरं. थोरला सक्तीच्या सैन्यसेवेतून मी येण्याआधी परतलेला, सुरुंगाने एका कानाने ठार बहिरा. दार उघडायचं तर आधी त्याच्या डोळ्यांपुढे हात हलवावा लागायचा. धाकटा चौदाचा, सांदिनिस्ता युवक संघटनेत, बोलण्यात सतत घोषणा. माय राजकारणावर बोलत नसे. मी तिला, माझ्या मूर्खपणात, मागासलेली समजत होते.

१९८८ च्या फेब्रुवारीत एका रविवारी, तारीख १४, रेडिओवर सांगितलं, की उद्यापासून जुन्या नोटा बदलायच्या. हजार जुन्या कोर्दोबांना एक नवा. तीन दिवस मुदत, आणि हातात रोख मिळणार ती एका मर्यादेपर्यंतच. तोवर महागाई अशी, की जुन्याच नोटांवर काळ्या शाईने जास्तीची शून्यं छापून चालवत होते. पैसे मोजत कुणी बसायचं नाही, जुडग्याची जाडी बघायचे. शाळेत केंद्र. माय तोर्तियांच्या टोपलीत, फडक्याखाली, तिच्या सगळ्या बचतीची पुडकी घेऊन उभी. माझा पगार माझ्या पिशवीत. आमच्या पुढे एक म्हातारा, नोटा पिठाच्या पोत्यात भरून आणलेला. चार तासांनी मायच्या हातात नव्या नोटांची एक पातळ घडी आली. तिने ती उलटसुलट केली, वरचं साल वाचलं. १९८५. "तीन वर्षांपूर्वीच छापून ठेवल्या होत्या?" एवढंच म्हणाली. कोंत्रांनी बाहेर साठवलेला पैसा मारायचा हा डाव, असं धाकटा समजावून सांगत होता, आणि ते खोटंही नव्हतं. पण त्या वर्षाअखेरीस महागाई ३० हजार टक्क्यांच्या वर गेली. नव्या नोटांचीही जुडगी झाली. २०१६ च्या नोव्हेंबरात वर्ध्यात बँकेपुढे उभी होते तेव्हा मागच्या बाईने विचारलं, तुम्ही एवढ्या शांत कशा? काय सांगणार.

मार्च १९८८ मध्ये सापोआला युद्धबंदीची बोलणी झाली, ऑक्टोबरात होआन चक्रीवादळाने ब्लूफील्ड्स उद्ध्वस्त केलं, सरकारने हजारो नोकरांना घरी पाठवलं. त्यात आमच्या प्रयोगशाळेतले निम्मे गेले. युद्ध कमी झालं तरी सैन्यभरती चालूच.

मग निवडणूक. २५ फेब्रुवारी १९९०. एका बाजूला सांदिनिस्तांचे नेते, राष्ट्राध्यक्ष दानिएल ओर्तेगा, गणवेश उतरवून रंगीत शर्टात, प्रचारात लढाऊ कोंबडा. दुसरीकडे व्हिओलेता चामोरो, सोमोसाच्या काळात १९७८ मध्ये गोळ्या घालून मारलेले संपादक पेद्रो होआकिन चामोरो यांची विधवा; पांढरा पोशाख, पाय प्लास्टरमध्ये. तिच्या मागे १४ पक्षांची मोट, डाव्यांपासून पार उजव्यांपर्यंत, आणि उघडउघड अमेरिकेचा पैसा. आघाडीचं नाव 'उनो', म्हणजे 'एक', म्हणून तिचे लोक एक बोट वर करायचे. आमच्या गल्लीत एक बोट करणारं कुणी दिसलं नाही. २१ तारखेच्या ओर्तेगाच्या शेवटच्या सभेला मी गेले; लाल-काळ्या झेंड्यांचा एवढा समुद्र मी पुन्हा पाहिला नाही. वस्तीत कुजबुज होती, की आज सक्तीची भरती बंद केल्याचं जाहीर करणार. धाकटा माझ्या खांद्यावर हात टेकून पंजांवर उभा होता. भाषण संपलं. भरतीबद्दल शब्द नाही. परतताना मायला सांगितलं, किती गर्दी होती, आपणच जिंकणार. तिने विचारलं, "भरतीचं काय म्हणाला?" मी म्हटलं, काही नाही. ती मका निवडायला बसली.

मतदानाचं वय १६. म्हणजे धाकट्याचं पहिलंच मत. रविवारी पहाटेपासून रांगा, अंगठा शाईत बुडवायचा. माय अंघोळ करून, चर्चला जातात तो झगा घालून गेली. रात्री सगळे रेडिओजवळ. दहाला जल्लोषाची गाणी होती. नंतर गाणी नुसतीच चालू राहिली, आकडे येईनात. दोनच्या सुमाराला थोरला उठून झोपायला गेला. सकाळी सहाच्या पुढे ओर्तेगा टीव्हीवर आले आणि जनतेचा कौल मान्य करतो म्हणाले. चामोरोंना जवळपास ५५ टक्के, ओर्तेगांना ४१.

धाकटा जमिनीवर बसून हुंदके देत होता. मीही रडत होते. कसे हे लोक, असं काहीतरी बडबडत होते, स्पॅनिशमध्ये की मराठीत आठवत नाही. माय तव्यापुढे. तोर्तिया उलटताना तिच्या अंगठ्यावरची शाई दिसत होती, पिठाने अर्धी पांढरी झालेली. तिने एक तोर्तिया ताटलीत घातली, मीठ टाकलं, पोरापुढे ठेवली.

"खा," म्हणाली. "मे महिन्यात तुला सतरा पूर्ण होतात."

सतरा म्हणजे भरतीचं वय. पोराला कळलं की नाही, माहीत नाही. मला कळायला तोर्तिया थंड होईपर्यंत वेळ लागला. बाहेर गल्लीत जिंकलेल्यांचा आवाज नाही, हरलेल्यांचा नाही. दुपारपर्यंत एक फटाकाही नाही. एवढी शांत मनाग्वा मी कधी पाहिली नव्हती.

सत्ता सोपवायला दोन महिने होते. मार्चमध्ये घाईघाईने कायदे झाले: ज्याच्या ताब्यात जे घर, जी जागा, ती त्याच्या नावावर. मायला अठरा वर्षं पत्र्याखाली काढल्यावर पहिल्यांदा जागेचा कागद मिळाला. त्याच दिवसांत काही कमांडरांच्या नावावर बंगले, गाड्या, मळे झाले. लोकांनी त्याला नाव दिलं 'पिन्याता'. वाढदिवसाला पोरं काठीने मडकं फोडून खाऊ लुटतात तो खेळ, आपल्या दहीहंडीच्या जवळचा. मायने कागद प्लास्टिकमध्ये घालून पवित्र हृदयामागे खोचला. सांदिनोचं चित्र काढलं नाही.

चामोरोंनी भरती बंद केली. धाकटा युद्धावर गेला नाही, बेकार मात्र झाला. हेगच्या खटल्यातली भरपाईची मागणी नव्या सरकारने १९९१ मध्ये सोडून दिली. मी १९९० च्या एप्रिलमध्येच निघाले होते. पत्रातून धाकट्याने विचारलं, तुझ्या काकांना काय वाटलं असेल? त्याआधीच, १९८८ मध्ये, नगेंद्र सिंह वारले होते. ते मी कळवलं नाही.

पुढचं मी लांबूनच पाहिलं. ओर्तेगा २००६ ची निवडणूक ३८ टक्क्यांवर जिंकून परतले, ते जुन्या शत्रूंशी वाटाघाटी करून आणि चर्चशी जुळवून. गुलाबी फलक, बायको रोसारिओ मुरिलो पुढे २०१७ मध्ये उपाध्यक्ष झाली. धाकट्याला सरकारी नोकरी लागली. मोर्चा असला की हजेरी लावावी लागते, असं तो फोनवर सहज बोलल्यासारखं सांगायचा. २०१८ च्या एप्रिलमध्ये पेन्शनच्या कपातीवरून म्हातारे रस्त्यावर आले, त्यांना मारहाण झाली, मग विद्यार्थी उतरले. तीनशेच्या वर माणसं मेली. धाकट्याची मुलगी विद्यापीठात होती, बॅरिकेडवर. फरसबंदीचे दगड उपसून रचलेले, तिच्या आजीच्या काळात सोमोसाविरुद्ध रचले होते तसेच. तिने फोटो पाठवला, तोंडाला रुमाल बांधलेला, मी डोळ्यांवरून ओळखलं: मायचे. जूनमध्ये ती कोस्टारिकाला निघून गेली. बाप तिच्याशी दोन वर्षं बोलला नाही. भीतीने की रागाने, ते त्यालाही सांगता येईल असं मला वाटत नाही.

हुगो तोर्रेस यांची बातमी मात्र मला बरेच दिवस पचली नाही. १९७४ च्या डिसेंबरात ज्यांनी जीव धोक्यात घालून ओलीसनाट्य केलं आणि सोमोसाच्या तुरुंगातून ओर्तेगांना सोडवलं, त्यांतले ते एक. २०२१ मध्ये ओर्तेगांच्याच पोलिसांनी त्यांना पकडलं, २०२२ च्या फेब्रुवारीत ते कैदेतच गेले. वर्षाने २२२ कैद्यांना विमानात घालून अमेरिकेला पाठवलं आणि त्यांचं नागरिकत्व काढून घेतलं. त्यांत १९७८ मध्ये राष्ट्रीय प्रासाद काबीज करणाऱ्यांतल्या दोरा मारिया तेयेसही होत्या. मी १९८६ मध्ये आणलेला लाल-काळा रुमाल अजून कपाटात आहे. टाकवत नाही, आणि कुणाला दाखवतही नाही.

माय २०११ मध्ये गेली. तिने मत कुणाला दिलं, हे मी कधी विचारलं नाही. मागच्या महिन्यात नातीचा फोन आला. ती कोस्टारिकाच्या राजधानीत, सान होसेत, एका हॉटेलच्या स्वयंपाकघरात काम करते. आजीचा एकही फोटो तिच्याकडे नाही, निघताना अंगावरच्या कपड्यांवर निघालेली. माझ्याकडे एक होता: माय तव्यापुढे, अंगठा पिठाने पांढरा. मी मोबाइलवर पाठवला, पण तिला कागदावरचा हवा होता, भिंतीवर लावायला.

कुरियरच्या दुकानात पत्ता लिहून दिला. पोराने वाचला: सान पेद्रो, जुन्या वडापासून दीडशे मीटर दक्षिणेला, निळं फाटक.

"ताई, हे वडाचं झाड म्हणजे लँडमार्क का?"

"झाड नाही तिथं आता," मी म्हटलं. "होतं."

तो माझ्याकडे बघत राहिला, मग म्हणाला, "बरं, पिनकोड सांगा."